जबरी चोरीचा आरोपी सुटला: अपील करायचं का, आणि करायचं तर कसं

निकालाच्या दुसऱ्या-तिसऱ्या दिवशी फिर्यादी ऑफिसात येतो. हातात व्हॉट्सॲपवर आलेला निकालाच्या शेवटच्या पानाचा फोटो असतो आणि प्रश्न ठरलेला असतो, ‘वकीलसाहेब, माझी चेन त्याच्याकडे सापडली, मी कोर्टात बोट दाखवून सांगितलं, तरी सुटला कसा?’ सोबत बहुधा मेहुणा असतो आणि त्याचं अपील करायचं आधीच ठरलेलं असतं.

हा लेख त्या फिर्यादीसाठी आहे. अशी पहिलीच फाईल हाती आलेल्या नव्या वकिलालाही त्याचा उपयोग होईल. एक गोष्ट सुरुवातीलाच सांगतो, कारण पुढचं सगळं तिच्यावर उभं आहे. अपिलात ‘चोरी झाली की नाही’ हा प्रश्न नसतो. ‘समोर आलेल्या पुराव्यावर खालच्या न्यायाधीशांनी काढलेला निष्कर्ष निघूच शकत नव्हता का’ हा प्रश्न असतो. सरकार पक्षाने पुराव्यात ठेवलेली भोकं अपिलात बुजत नाहीत.

पहिली पायरी: नक्कल आणि तारीख

आजच नकलेचा अर्ज द्या. निकालाची प्रमाणित प्रत लागेलच, पण तेवढ्याने भागत नाही. सगळ्या साक्षीदारांचे सरतपास (सरकारी वकिलाने घेतलेली साक्ष) आणि उलटतपास, पंचनामे, ओळख परेडचा अहवाल, आरोपीचा कलम ३१३ चा जबाब (पुराव्यावर न्यायाधीशांनी त्याला विचारलेले प्रश्न आणि त्याची उत्तरं) आणि रोजनामा, म्हणजे कोर्टातल्या तारीखवार कामाची नोंद, यांच्याही प्रती मागा. निकालात साक्षीचा सारांश असतो. न्यायाधीशांकडून काय सुटलं ते मूळ साक्षीतच सापडतं.

सरकारच्या अपिलाला मुदत कायद्यातील अनुच्छेद ११४ प्रमाणे निकालापासून ९० दिवस मिळतात. नक्कल मिळण्यात गेलेले दिवस त्यातून वजा होतात, म्हणून नकलेवरच्या तिन्ही तारखा तपासा: अर्ज कधी केला, प्रत कधी तयार झाली, कधी मिळाली. पीडिताला स्वतः अपील करण्याचा हक्क देणारी जी तरतूद आहे (ती पुढच्या पायरीत येते), तिच्यात मुदत लिहिलेली नाही. त्याचा अर्थ कधीही दाखल करता येतं असा घेऊ नका. साठ दिवसांच्या आत दाखल करायचंच असं मी पक्षकाराला सांगतो, म्हणजे उशिराच्या वादात शिरावंच लागत नाही.

दुसरी पायरी: अपील कोणाचं आणि कुठे

आधी कलम बघा. साधी जबरी चोरी म्हणजे भारतीय दंड संहितेचं कलम ३९२. दुखापत झाली तर ३९४. पाच किंवा अधिक माणसं असली तर तो दरोडा, ३९५. प्राणघातक हत्यार वापरलं तर ३९७ आणि किमान सात वर्षं. १ जुलै २०२४ पासूनच्या गुन्ह्यांना भारतीय न्याय संहितेची कलमं लागतात: ३०९, ३१० आणि ३११. गुन्हा त्याआधीचा असेल तर कलमं जुनीच.

३९२ आणि ३९४ चे खटले प्रथम वर्ग न्यायदंडाधिकाऱ्यांपुढे चालतात, ३९५ आणि ३९७ चे सत्र न्यायालयात. अपील कुठे जाईल हे यावरून ठरतं.

न्यायदंडाधिकाऱ्यांनी सोडलं असेल तर गुन्हा दखलपात्र आणि अजामीनपात्र असल्यामुळे जिल्हा दंडाधिकारी सरकारी वकिलांना सत्र न्यायालयात अपील करायला सांगू शकतात. सत्र न्यायालयाने सोडलं असेल तर निर्णय राज्य सरकारचा, अपील उच्च न्यायालयात, आणि तिथे आधी परवानगी मागावी लागते. हे सगळं जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम ३७८ मध्ये आहे, नव्या नागरिक सुरक्षा संहितेत ४१९ मध्ये. उच्च न्यायालय म्हणजे नेहमी मुंबईच असं नाही. नागपूर आणि छत्रपती संभाजीनगरला खंडपीठं आहेत, गोव्याचं वेगळं आहे, आणि ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूर, सातारा, सांगली, सोलापूर, रत्नागिरी, सिंधुदुर्गचे लोक कोल्हापूरच्या सर्किट बेंचकडे जातात.

ज्याला लुटलं तो स्वतः अपील करू शकतो, हे अजूनही बऱ्याच जणांना माहीत नसतं. ३१ डिसेंबर २००९ पासून जुन्या संहितेच्या कलम ३७२ ला जोडलेल्या परंतुकाने, म्हणजे ‘परंतु’ने सुरू होणाऱ्या पुरवणी वाक्याने, हा हक्क दिला. नव्या संहितेत तो ४१३ मध्ये आहे. शिक्षेविरुद्धचं अपील जिथे गेलं असतं त्याच कोर्टात पीडिताचं अपील जातं. त्यासाठी उच्च न्यायालयाच्या परवानगीची गरज नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने मल्लिकार्जुन कोडगली प्रकरणात २०१८ साली बहुमताने ठरवलं. फिर्यादी हयात नसेल तर त्याचे कायदेशीर वारसही ‘पीडित’ ठरतात.

व्यवहारात दोन्ही दारं वाजवा. निकालानंतरच्या पहिल्या दोन आठवड्यांत खटला चालवणाऱ्या सरकारी वकिलांना लेखी अर्ज द्या, प्रत जिल्हाधिकारी कार्यालयात आणि पोलीस अधीक्षकांकडे द्या, आणि पोच घ्या. सरकारचा प्रस्ताव सरकारी वकिलाच्या अभिप्रायापासून विधी व न्याय विभागापर्यंत टेबलं ओलांडत जातो, आणि ‘अपील करण्याजोगे प्रकरण नाही’ असा शेरा पडला की तिथेच थांबतो. तो शेरा पडेपर्यंत स्वतःचे दिवस घालवू नका. वकील परवडत नसेल तर तालुका विधी सेवा समितीकडे जा. स्त्रिया, अनुसूचित जाती-जमातीचे लोक आणि उत्पन्नमर्यादेत बसणारे यांना मोफत वकील मिळतो.

एक आडवाट टाळा. काही जण अपील सोडून पुनरीक्षण अर्ज टाकतात. त्यात उच्च न्यायालयाला निर्दोष मुक्ततेचं रूपांतर शिक्षेत करताच येत नाही, हे संहितेतच लिहिलं आहे.

तिसरी पायरी: केस कुठे मोडली ते शोधा

समजण्यासाठी एक काल्पनिक खटला घेऊ. तपशील माझे आहेत, पण असे खटले कुठल्याही तालुका कोर्टात सापडतील.

रात्री साडेअकराला बायपासवर तिघांनी एका दुचाकीस्वाराला अडवलं, काठीने मारलं, दहा ग्रॅमची चेन, मोबाईल आणि साडेआठ हजार रुपये काढून घेतले. फिर्याद दुसऱ्या दिवशी दुपारी दोनला. पोलीस ठाणं सहा किलोमीटरवर. फिर्यादीत वर्णन ‘२५ ते ३० वयोगटातील तीन अनोळखी इसम’ एवढंच. एकोणीस दिवसांनी अटक. ओळख परेड अटकेनंतर सत्तेचाळीस दिवसांनी. एका आरोपीच्या निवेदनावरून घरामागच्या कडब्याच्या गंजीतून चेन जप्त. आता या खटल्याचा एकेक खांब हलवून बघा.

*ओळख.* घटनास्थळ पंचनाम्यात लिहिलंय: ‘उत्तरेस १५ फुटांवर विद्युत खांब.’ खांबावर दिवा होता का, चालू होता का, यावर एक शब्द नाही. कोर्टात फिर्यादी म्हणतो, ‘खांबावरच्या दिव्याच्या उजेडात मी त्यांना पाहिले.’ उलटतपासात निघतं, की ही गोष्ट पोलिसांपुढच्या जबाबात नाही. आणि मग ते वाक्य, जे वाचल्यावर मी पेन खाली ठेवतो: ‘हे खरे आहे की, परेडपूर्वी पोलिसांनी मला आरोपींना पोलीस ठाण्यात दाखवले होते.’

संपलं. ओळख परेड हा मुळात स्वतंत्र पुरावा नाहीच. खरा पुरावा कोर्टात सांगितलेली ओळख; परेड फक्त तिला टेकू देते. टेकूच कुजका निघाला तर अनोळखी माणसाला दीड-दोन वर्षांनी आरोपीच्या पिंजऱ्यात बघून ‘हाच तो’ म्हणण्याला फार वजन उरत नाही. परेडच्या अहवालात आणखी चार गोष्टी बघा. डमी, म्हणजे आरोपीसोबत रांगेत उभी केलेली इतर माणसं, किती होते? आपल्या उच्च न्यायालयाच्या फौजदारी नियमपुस्तिकेप्रमाणे एका आरोपीसाठी किमान सहाच्या आसपास हवेत. ते वयाने, बांध्याने सारखे होते का? आरोपींना परेडपर्यंत बुरखा घालून ठेवल्याची नोंद आहे का? परेड घेणाऱ्या नायब तहसीलदारांची साक्ष झाली का? उशिराला ठरलेली दिवसांची मर्यादा नाही, पण उशीर का झाला हे तपास अंमलदाराने सांगायला हवं. आमच्या खटल्यातल्या अंमलदाराला ते कोणी विचारलंही नाही.

*जप्ती.* पुरावा कायद्याचं कलम २७, आता साक्ष अधिनियमाच्या कलम २३ चं परंतुक. पोलिसांपुढची कबुली चालत नाही. पण आरोपीने सांगितल्यावरून एखादी वस्तू मिळाली तर ती मिळण्याशी थेट जोडलेला तेवढाच भाग चालतो. याचं सगळ्यात सोपं उदाहरण मुंबईचंच आहे. मोहम्मद इनायतुल्ला विरुद्ध महाराष्ट्र राज्य, निकाल १९७५ चा. आरोपीचं निवेदन असं होतं, की हाजी बंदरावरून १ ऑगस्टला मी नेलेली रसायनाची तीन पिंपं कुठे ठेवली ती जागा सांगतो. सर्वोच्च न्यायालयाने त्यातलं ‘तीन पिंपं कुठे ठेवली ती जागा सांगतो’ एवढंच ठेवलं आणि ‘मी नेलेली’ काढून टाकलं. उरलेल्या वाक्यातून चोर कोण हे सिद्ध होत नव्हतं, पिंपं मुसाफिरखान्याच्या आवारात, कोणालाही जाता येईल अशा जागी होती, आणि आरोपी सुटला.

आमची कडब्याची गंजही तशीच: कुंपण नाही, शेजारून पायवाट. उघड्या शेतात दागिने सापडले म्हणून ते आरोपीच्या ताब्यात होते असं म्हणता येत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने त्रिंबक प्रकरणात फार पूर्वीच सांगितलंय. त्यात भर म्हणजे पंच फितूर, म्हणजे सरकार पक्षाचाच साक्षीदार कोर्टात उलटला: ‘हे खरे आहे की, पंचनाम्यावर मी पोलीस ठाण्यात सही केली.’

पण इथेच नवे वकील चुकतात, दोन्ही बाजूंचे. पंच फितूर झाला म्हणजे जप्ती आपोआप खोटी ठरत नाही. तपास अंमलदाराची साक्ष विश्वासार्ह असेल तर ती पुरेशी होऊ शकते; दिल्ली राज्य विरुद्ध सुनील या २००० च्या निकालात ते स्पष्ट आहे. अट एवढीच, की अंमलदाराने कोर्टात आरोपी नेमकं काय बोलला ते सांगितलं पाहिजे. ‘आरोपीने निवेदन दिले, त्यावरून जप्ती केली, पंचनामा निशाणी २३ आहे, त्यातील मजकूर बरोबर आहे’ एवढ्याने भागत नाही. सुब्रमण्य विरुद्ध कर्नाटक, २०२२, यात सर्वोच्च न्यायालयाने या तयार साच्यातल्या साक्षीचा चांगलाच समाचार घेतलाय. अंमलदाराच्या सरतपासाचं ते पान काढा आणि शब्द मोजा.

*मुद्देमाल कोणाचा.* चेन फिर्यादीचीच कशावरून? पावती नाही, कडीवर खूण नाही, वजन केलेलं नाही, दुसऱ्या चार चेनींत मिसळून ओळखायला लावलेली नाही. लाखेचं सील जप्तीच्या वेळी केलं की मुद्देमाल कारकुनाकडे आल्यावर, हे पंचनाम्यात नाही. सोन्याची दहा ग्रॅमची चेन घरोघरी असते.

*मोबाईल.* हा सापडलाच नाही म्हणून त्याकडे कोणी पाहिलं नाही, आणि इथे मला कायम चुटपुट लागते. हँडसेटचा आयएमईआय क्रमांक फिर्यादीत असता आणि दुसऱ्या दिवशी त्यात आरोपीचं सिम चालल्याचा कंपनीचा तपशील पुरावा कायद्याच्या कलम ६५-ब च्या, म्हणजे इलेक्ट्रॉनिक पुराव्यासाठी लागणाऱ्या, प्रमाणपत्रासह दाखल झाला असता, तर ओळख आणि गंज दोन्ही बाजूला ठेवता आले असते. प्रमाणपत्राशिवाय हा कागद चालत नाही, हे जालन्याच्या निवडणुकीवरून उद्भवलेल्या अर्जुन पंडितराव खोतकर प्रकरणात २०२० साली पक्कं झालंय. सीसीटीव्हीच्या पेनड्राइव्हलाही तोच नियम.

चौथी पायरी: कसोटी समजून घ्या

अपील कोर्टाला सगळा पुरावा पुन्हा तपासण्याचा पूर्ण अधिकार आहे. ब्रिटिश काळातल्या सर्वोच्च अपील न्यायालयाने, प्रिव्ही कौन्सिलने, शिव स्वरूप प्रकरणात १९३४ साली हे सांगितलं आणि आजतागायत ते बदललेलं नाही. मात्र चंद्रप्पा विरुद्ध कर्नाटक, २००७, हा निकाल प्रत्येक सुनावणीत निघणार. आरोपीच्या बाजूने गृहीतक दुहेरी होतं: एक, प्रत्येक माणूस निर्दोष मानायचा; दोन, कोर्टाने त्याला सोडल्याने ते आणखी घट्ट झालं. पुराव्यातून दोन वाजवी निष्कर्ष निघत असतील तर सुटकेला हात लावायचा नाही. ‘मी न्यायाधीश असतो तर शिक्षा दिली असती’ हे इथे पुरत नाही.

उलट्या बाजूला शिवाजी साहेबराव बोबडे विरुद्ध महाराष्ट्र राज्य, १९७३. न्यायमूर्ती कृष्ण अय्यर यांचा निकाल. आरोपी दोषी ‘असू शकतो’ आणि ‘असलाच पाहिजे’ यांत लांबचं अंतर आहे हे वाक्य बचावाचे वकील त्यातून उचलतात. पण त्याच निकालात संशयाच्या फायद्याचं अवाजवी स्तोम माजवू नका असंही बजावलंय, आणि उच्च न्यायालयाने सुटका फिरवून दिलेली शिक्षा त्यात कायम राहिली. तो पूर्ण वाचा.

पाचवी पायरी: ठरवा

आमच्या काल्पनिक खटल्यात मी अपील करू नका असं सांगेन. फिर्यादी रागावतो, दुसऱ्या वकिलाकडे जातो, जाऊ द्या. फिर्यादीनेच ‘आरोपी आधी दाखवले होते’ असं कबूल केल्यावर न्यायाधीशांचा निष्कर्ष नुसता वाजवी नाही, मला दुसरा दिसतच नाही.

अपील करण्याजोगी सुटका कशी दिसते? तोच खटला थोडा बदला. चेन आरोपीच्या कुलूपबंद पेटीतून चार दिवसांत मिळाली, कडीला सोनाराने मारलेला डाग फिर्यादीतच नोंदलेला आहे, सोनाराची साक्ष झाली आहे, अंमलदाराने आरोपीचे शब्द सांगितले आहेत; आणि न्यायाधीशांनी ‘पंच फितूर, सबब जप्ती शाबीत नाही’ या एका वाक्यात सगळं निकालात काढलं. सोनाराच्या साक्षीचा निकालात उल्लेखच नाही. महत्त्वाचा पुरावा वाचलाच नाही, साक्ष चुकीची वाचली, किंवा कायद्याला नसलेली अट लावली, या तीनपैकी एक दाखवता आलं तर पुढे जा.

अशा वेळी मधली जागाही बघा. ओळख कोसळली पण ताबा टिकला, तर जबरी चोरी नाही तरी चोरीचा माल जवळ बाळगल्याचं कलम ४११, म्हणजे नवं ३१७, उभं राहू शकतं. चोरीनंतर लगेच माल जवळ सापडला आणि खुलासा नसेल तर कोर्ट तसं अनुमान काढू शकतं. ‘लगेच’ म्हणजे किती, ते वस्तूवर ठरतं. रोकड दोन दिवसांत दहा हातांतून जाते, खुणेची चेन तशी जात नाही. हा पर्यायी मुद्दा अपील मेमोत, म्हणजे अपिलाची कारणं मांडणाऱ्या अर्जात, वेगळा लिहा. बऱ्याच मेमोंत तो राहून जातो.

‘राहिलेला साक्षीदार अपिलात तपासू’ ही आशा मात्र धरू नका. जादा पुराव्याची तरतूद आहे, जुनं ३९१, नवं ४३२. पण सरकार पक्षाचं विस्मरण झाकायला कोर्ट ती सहसा वापरू देत नाही.

सहावी पायरी: अपील मेमो

माझ्या पहिल्या अशा अपिलात मी ३८ मुद्दे लिहिले होते. ‘निकाल कायद्याच्या व वस्तुस्थितीच्या विरुद्ध आहे’ पासून सुरू. न्यायाधीशांनी पानं उलटली आणि विचारलं, ‘यातला कुठला मुद्दा साक्षीच्या कुठल्या पानावर आहे?’ मी घाम पुसला. तेव्हापासून माझ्या मेमोत पाच-सहाच्या वर मुद्दे नसतात आणि प्रत्येक मुद्दा असा असतो:

‘निकालाच्या परिच्छेद १७ मध्ये न्यायालयाने जप्ती केवळ पंच साक्षीदार क्र. ३ फितूर झाल्याच्या कारणावरून नाकारली. तथापि तपास अंमलदार, साक्षीदार क्र. ७, यांनी सरतपासाच्या परिच्छेद ४ मध्ये आरोपीचे निवेदन शब्दशः सांगितले असून उलटतपासात ते डळमळीत झालेले नाही. सोनार, साक्षीदार क्र. ५, यांच्या साक्षीचा न्यायालयाने विचारच केलेला नाही.’

निकाल काय म्हणतो, पुरावा काय म्हणतो, फरकाने काय बिघडलं. विशेषणं नकोत. ‘घोर अन्याय’, ‘समाजात चुकीचा संदेश’ ही वाक्यं कोर्ट वाचत नाही. आपली कमजोरी मेमोत लपवूही नका. फिर्यादीला बारा-चौदा तास उशीर असेल तर दवाखान्याच्या कागदावरून तो कसा समजतो ते आधीच लिहा, नाहीतर समोरचा वकील ते पहिल्या मिनिटाला काढतो.

दाखल झाल्यावर

सरकारचं अपील उच्च न्यायालयात असेल तर आधी परवानगीची सुनावणी. इथे पूर्ण केस जिंकायची नसते. वादाचे मुद्दे आहेत एवढं दिसलं पाहिजे, हे महाराष्ट्र राज्य विरुद्ध सुजय मंगेश पोयरेकर, २००८, मधून दाखवता येतं. अपील दाखल करून घेतल्यावर आरोपीला नोटीस किंवा वॉरंट निघतं, तो हजर होऊन बहुधा जामीन देतो. मग मूळ अभिलेख, म्हणजे आर अँड पी, खालून मागवला जातो आणि वाट बघणं सुरू होतं. वर्षं जातात, फिर्यादीला हे आधीच सांगा.

सुनावणीत कोर्ट सुटका कायम ठेवू शकतं, फेरचौकशी किंवा फेरखटल्याला पाठवू शकतं, किंवा दोषी ठरवून शिक्षा देऊ शकतं. उच्च न्यायालयाने सुटका फिरवून दहा वर्षं किंवा जास्त शिक्षा दिली तर आरोपीला सर्वोच्च न्यायालयात हक्काने अपील आहे.

अपील नाही केलं तरी राहणारी दोन कामं

निकालाचा शेवटचा आदेश वाचा: ‘मुद्देमाल अपिलाची मुदत संपल्यानंतर...’ पुढे काय लिहिलंय? आरोपीने चेनवर हक्क सांगितला नसेल तर ती फिर्यादीला परत मिळावी असा आदेश आहे का बघा, नसेल तर अर्ज करा. आरोपी सुटला म्हणून चेन सरकारजमा होऊ देणारे फिर्यादी मी पाहिलेत. खटला चालू असतानाच सुपुर्दनाम्यावर, म्हणजे सांभाळण्याच्या हमीवर, मिळाली असेल तर बंधपत्र रद्द करून घ्या.

दुसरं, मारहाणीत हात मोडला असेल, कमाई बुडाली असेल, तर खटला सुटकेत संपला तरी पीडिताला भरपाईची शिफारस जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे करण्याचा अधिकार खटला चालवणाऱ्या कोर्टाला आहे. जुनं कलम ३५७-अ, नवं ३९६. त्यासाठी दवाखान्याची बिलं आणि दुखापतीचं प्रमाणपत्र जोडून साधा अर्ज लागतो. निकालाच्या दिवशीच तो तयार ठेवलेला बरा.